डाव आपला, नियमही आपलेच

हल्ली कोणत्याही महाविद्यालयाच्या आवारात मधल्या सुट्टीत फेरफटका मारला, तर चार-पाच मुलांची टोळकी माना खाली घालून मोबाइलमध्ये गुंतलेली दिसतात. पाहणाऱ्याच्या मनात लगेच निष्कर्ष तयार होतो, की ही पिढी वाया चालली. प्राध्यापक तो बोलून दाखवतात, पालक घरी ऐकवतात आणि आम्ही विद्यार्थी या कानाने ऐकून त्या कानाने सोडून देतो. वास्तविक दोन्ही बाजूंनी एक साधा प्रश्न विचारायला हवा. ही मुले काय खेळत आहेत, कोणाशी खेळत आहेत, आणि तो सामना जुळवला कोणी? माझ्या मते सगळा बरेवाईटपणा या तिसऱ्या प्रश्नाच्या उत्तरात आहे.

मोबाइलवरच्या डावपेचांच्या खेळांत सामने ढोबळमानाने दोन प्रकारचे असतात. पहिल्या प्रकारात आपण फक्त 'खेळा' हे बटण दाबतो. समोर कोण येणार, किती वेळ खेळायचे, हे सारे यंत्र ठरवते. दुसऱ्या प्रकारात आपण स्वतः सामना मांडतो. आपल्याच मित्राला बोलावतो, वेळ ठरवतो, नियम ठरवतो आणि मग खेळायला बसतो. मुले याला 'रूम काढणे' म्हणतात. रूमचा क्रमांक आणि पासवर्ड ज्याला दिला तोच आत येतो. या दुसऱ्या प्रकाराची बाजू मांडावी आणि त्यात शिरलेली कीडही दाखवावी, एवढाच या लेखाचा हेतू आहे. उदाहरण म्हणून मी मुख्यतः बुद्धिबळ घेतो. ते सर्वांना ठाऊक आहे, मोबाइलवर ते फुकट खेळता येते, आणि डावपेचांच्या खेळांत त्याहून जुनाजाणता खेळ सापडणे कठीण.

प्रथम यंत्राने जुळवलेल्या सामन्याचा विचार करू. बुद्धिबळात प्रत्येक खेळाडूच्या बळाला एक आकडा असतो. अर्पाद एलो या हंगेरीत जन्मलेल्या अमेरिकन प्राध्यापकाने ही पद्धत बसवली आणि १९७० साली जागतिक बुद्धिबळ महासंघाने ती स्वीकारली. तिच्याच धर्तीचे आकडे आज मोबाइलवर लाखो लोकांना चिकटलेले आहेत. आपण बटण दाबले, की यंत्र आपल्या आकड्याजवळचा आकडा असलेला प्रतिस्पर्धी काही सेकंदांत शोधून देते. सोय मोठी आहे यात शंका नाही. परंतु या सोयीला शेवट नाही. हरलो तर गेलेला आकडा परत मिळवायला पुढचा डाव, जिंकलो तर वाढलेला आकडा आणखी वाढवायला पुढचा डाव. समोरच्याचे नाव आपल्याला माहीत नसते. तो उठून गेला तर त्याच्या जागी दुसरा हजर होतो. 'आता पुरे, घरी वाट पाहत असतील' असे म्हणणारे तिथे कोणी नसते.

याला वाणिज्याच्या भाषेत सोपा अर्थ आहे. जे दुकान आपल्याला फुकट आत घेते, त्याचा माल बहुधा आपला वेळ असतो. आपण जितके रेंगाळू तितक्या जाहिराती दिसतील, तितकी वर्गणी भरण्याची शक्यता वाढेल. सगळीच दुकाने अशी असतात असे नाही. लीचेस हे ॲप २०१० साली तिबो द्युप्लेसी या फ्रेंच तंत्रज्ञाने सुरू केले. ते देणग्यांवर चालते आणि त्यात जाहिराती नाहीत. पण तिथेही 'पुढचा डाव' हे बटण आहेच. तेव्हा दोष एकट्या व्यापाऱ्याचा नाही. ज्या सामन्याचा शेवट कोणीच ठरवलेला नाही, तो लांबतच जातो.

आता स्वतः मांडलेला सामना पाहा. याच ॲपवर मित्राला आव्हान पाठवायचे म्हटले, की ते आपल्याला काही प्रश्न विचारते. नेहमीचे बुद्धिबळ की वेगळा प्रकार? प्रत्येकाला किती मिनिटे? प्रत्येक चालीमागे किती सेकंद वाढवून द्यायचे? डाव आकड्यात धरायचा की केवळ मैत्रीचा? पांढरी सोंगटी कोणाकडे? या प्रश्नांची उत्तरे दिली, की एक लिंक मिळते. ती मित्राला पाठवायची, त्याने उघडली की पट मांडला जातो. पाहायला गेले तर पाच-सहा बटणे. पण ही बटणे दाबण्यापूर्वी दोन माणसांना एकमेकांशी बोलावे लागते. 'दहा मिनिटे पुरे का?' 'मला घाई जमत नाही, पंधरा ठेव.' 'तीन डाव खेळू, मग अभ्यासाला बसू.' या बोलण्यातच सामन्याला सुरुवात आणि शेवट मिळतो.

नियम आधी ठरवण्याचे महत्त्व किती, हे २०२५ साली आपण सर्वांनी पाहिले. त्या वर्षी जुलैमध्ये जॉर्जियातील बाटुमी येथे नागपूरच्या दिव्या देशमुखने महिलांचा विश्वचषक जिंकला. अंतिम सामन्यात कोनेरू हम्पीविरुद्ध तिचे दोन्ही दीर्घ डाव बरोबरीत सुटले आणि निकाल जलद डावांत लागला. त्यानंतर ऑक्टोबरच्या अखेरीपासून नोव्हेंबरपर्यंत खुला विश्वचषक गोव्यात, बार्देश तालुक्यातील हडफडे येथे भरला. २०६ खेळाडू त्यात होते. अंतिम सामन्यात उझबेकिस्तानचा एकोणीस वर्षांचा जावोखिर सिंदारोव आणि चीनचा वेई यी यांचे दीर्घ डाव असेच बरोबरीत सुटले, आणि जलद डावांत सिंदारोव जिंकला. दोन्ही ठिकाणी हरलेल्याने तक्रार केली नाही. बरोबरी झाली तर पुढे काय, किती मिनिटांचे डाव, किती सेकंदांची वाढ, हे पहिले प्यादे हलण्यापूर्वीच लिहून ठेवलेले होते. आपल्या ओट्यावरच्या सामन्यात भांडण होते ते नेमके इथे. खेळ वाईट म्हणून भांडण होत नाही. 'बरोबरी झाली तर काय' हे कोणी ठरवलेलेच नसते.

गोव्यातल्या मुलांना बुद्धिबळाचे वेड नवे नाही. भक्ती कुलकर्णी, अनुराग म्हामल, लिऑन मेंडोन्सा ही नावे आमच्याकडे घरोघरी माहीत आहेत. म्हामल हा २०१७ साली गोव्याचा पहिला ग्रँडमास्टर झाला. पण या मंडळींच्या बातम्या वाचणे आणि आपल्या गावात रोज खेळायला जोडीदार मिळणे यांत फार अंतर आहे. गोव्यात केरी नावाची गावे एकाहून अधिक. पेडण्यातले केरी तेरेखोल नदीच्या मुखाशी, समुद्राला लागून आहे. माझे केरी सत्तरीतले, अंजुणे धरणाजवळचे. साखळीकडून बेळगावला जाणारा रस्ता इथूनच चोर्ला घाट चढू लागतो. डोंगराच्या कुशीतल्या अशा गावात मोबाइलची रेंज अंगणाच्या एका कोपऱ्यात असते आणि दुसऱ्या कोपऱ्यात नसते. पावसाळ्यात वीज गेली की तीही जाते. अशा ठिकाणी यंत्राने जुळवलेला तीन मिनिटांचा डाव म्हणजे शुद्ध अन्याय. वजीर वाचवायची चाल डोक्यात तयार असते, पण रेंज गेल्यामुळे घड्याळ धावत राहते आणि डाव हरल्याची पाटी येते. कोणाची बुद्धी जास्त, हे अशा डावात ठरत नाही. कोणाच्या घराजवळ टॉवर आहे, हे ठरते.

सामना आपण स्वतः मांडला तर यावर उपाय आहे. लीचेसवर घड्याळाऐवजी दिवसांचा हिशेब धरता येतो. एका चालीला एक, दोन, तीन, अगदी चौदा दिवसांपर्यंत मुदत ठेवता येते. सकाळी रेंज आली तेव्हा चाल करायची, समोरचा संध्याकाळी उत्तर देईल. ही काही मोबाइलने लावलेली नवी टूम नव्हे. १८२४ ते १८२८ या काळात लंडन आणि एडिंबरो या दोन शहरांच्या बुद्धिबळ मंडळांनी टपालाने सामना खेळला होता. घोडागाडीने पत्रे जात, एकेका चालीला दिवस लागत, आणि अखेर एडिंबरोने तो जिंकला. टपालाला दिवस लागतात म्हणून त्यांनी खेळ सोडला नाही, मुदत टपालाला साजेशी ठेवली. केरीत राहणाऱ्या मुलाला आणि वसतिगृहात राहणाऱ्या त्याच्या मित्राला असा महिनाभर चालणारा एक डाव खेळता आला, तर त्यात अभ्यासही बुडत नाही आणि मैत्रीही टिकते.

ज्यांना एका बैठकीत निकाल हवा त्यांनी थोडे गणित करावे. प्रत्येकाला दहा मिनिटे आणि प्रत्येक चालीमागे पाच सेकंद अशी वेळ ठेवली आणि डाव चाळीस चालींचा झाला, तर एका खेळाडूला जास्तीत जास्त सहाशे अधिक दोनशे, म्हणजे आठशे सेकंद मिळतात. ही झाली १३ मिनिटे २० सेकंद. दोघांचे मिळून २६ मिनिटे ४० सेकंद. म्हणजे मधल्या सुट्टीत एक डाव होतो आणि पुढच्या तासाला वेळेवर हजर राहता येते. 'खेळामुळे तास बुडतो' या तक्रारीचे उत्तर एवढ्या साध्या गणितात आहे. अट एकच, की ते गणित डावाआधी करायला हवे.

दुसरा प्रश्न असमान बळाचा. मित्र मित्र खेळतात तेव्हा एक बहुधा दुसऱ्यापेक्षा बराच पुढे असतो. यंत्र अशा दोघांची गाठच पडू देत नाही, कारण त्यांचे आकडे जुळत नाहीत. मग भावाने भावाशी खेळावे कसे? ओट्यावर याचे उत्तर जुनेच आहे. जाणता खेळाडू आपला एक हत्ती किंवा घोडा काढून ठेवतो आणि म्हणतो, 'ये, आता खेळ.' मोबाइलवरही हे जमते. हवी तशी मांडणी करून तिथून डाव सुरू करण्याची सोय लीचेसवर आहे. स्पर्धेत तर स्वतःची निम्मी वेळ सोडून देऊन, जिंकल्यास एक गुण जादा मिळवण्याची तरतूदही आहे. बळाचे अंतर मान्य करून ते आपापसात मिटवणे, हे शिक्षण मला यंत्राच्या जुळवणीपेक्षा मोलाचे वाटते. यंत्र आपल्याला नेहमी आपल्यासारख्याच अनोळखी माणसासमोर बसवते. घरातल्या माणसासमोर आपले आपणच बसावे लागते.

आता नियमांची गोष्ट. आजोबांच्या पिढीतली पुष्कळ माणसे देशी पद्धतीने बुद्धिबळ खेळत. त्या पद्धतीत प्यादे पहिल्या चालीलाही एकच घर पुढे जाते. आजच्यासारखा किल्लेकोट तिथे नाही. त्याऐवजी शह बसलेला नसेल तर राजाला डावात एकदा घोड्याची उडी मारता येते. पटाच्या टोकाला पोचलेले प्यादे ज्या घरात पोचले त्या घरचे मोहरे होते. गावोगावी यात फरक असत. पंजाबचा मीर सुलतान खान याच देशी पद्धतीत वाढला, नंतर विलायती नियम शिकला आणि १९२९, १९३२ व १९३३ साली ब्रिटिश अजिंक्यपद जिंकून आला. जागतिक महासंघाने २०२४ साली, त्याच्या मृत्यूनंतर अनेक वर्षांनी, त्याला मानद ग्रँडमास्टर केले.

मोबाइलवर हे देशी नियम लावता येतात का? ॲपमध्ये बुद्धिबळाचे अनेक वेगळे प्रकार दिलेले आहेत. बॉबी फिशरने १९९६ साली मांडलेला, मागच्या रांगेतली मोहरी ९६० प्रकारे मांडण्याचा खेळही त्यात आहे. आमच्या आजोबांचा प्रकार मात्र त्या यादीत नाही. तरीही त्याचा बराचसा भाग शब्दावर खेळता येतो. 'प्यादे दोन घरे टाकायचे नाही' असे दोघांनी ठरवले, की झाले. ॲप दोन घरे जाऊ देईल, पण आपण जायचे नाही. किल्लेकोट करायचा नाही, हेही तसेच पाळता येते. टोकाला पोचलेल्या प्याद्याचे काय करायचे हे ॲप आपल्यालाच विचारते, तेव्हा घोड्याच्या घरात पोचल्यास घोडाच घ्यायचा, हेही जमते. जमत नाही ती एकच गोष्ट, राजाची घोडउडी. ती चाल करायला गेले की ॲप राजाला परत जागेवर बसवते. या प्रयोगातून मला एक गोष्ट कळली. ॲप आपल्याला नियम निवडू देते, पण त्याने दिलेल्या यादीतूनच. यादीबाहेरचा नियम हवा असेल तर दोन माणसांचा एकमेकांवरचा विश्वास लागतो.

विश्वासाचा मुद्दा निघाला म्हणून आणखी एक गोष्ट स्पष्ट बोलावी. १९९७ साली संगणकाने कास्पारोवला हरवले. आज खिशातल्या मोबाइलवर फुकट मिळणारा बुद्धिबळाचा प्रोग्राम कोणत्याही जगज्जेत्याला भारी आहे. तेव्हा मित्राशी खेळताना बाजूच्या दुसऱ्या मोबाइलवर चाल विचारणे अगदी सोपे. मोठी ॲपे अशी लबाडी पकडण्याचा प्रयत्न करतात, पण खासगी डावात आपला पहारेकरी आपणच. मला हा या सामन्यांचा दोष वाटत नाही. जिथे पकडले जाण्याची भीती नाही, तिथे सचोटीने खेळण्याची सवय लागली तर ती पुढे हिशेबाच्या वहीवरही उपयोगी पडेल.

इथवर मी या सामन्यांचे गुणगान केले. आता किडीकडे वळतो, कारण ती लपवून ठेवण्यात अर्थ नाही. आजकाल गावोगावी रूम काढण्याचा धंदा झाला आहे. त्यात बुद्धिबळ क्वचितच असते. बहुतेक लढाईचे खेळ असतात. पद्धत सगळीकडे सारखीच. एक जण रूम काढतो, प्रत्येकाकडून प्रवेश फी घेतो आणि मगच पासवर्ड देतो. समजा वीस मुले आहेत आणि फी पन्नास रुपये. जमले एक हजार. पहिल्याला सहाशे, दुसऱ्याला दोनशे आणि उरलेले दोनशे रूम काढणाऱ्याला. जिंकणारा मुलगा आनंदात मित्रांना वडापाव खाऊ घालतो आणि सर्वांना वाटते, पुढच्या वेळी आपला नंबर. पण सर्व मुलांचा एकत्र ताळेबंद मांडून पाहा. दिले हजार, परत आले आठशे. असे दहा सामने झाले, तर वीस मुलांनी मिळून दहा हजार घातले आणि आठ हजार मिळवले. कोण किती हुशार खेळतो याने फक्त वाटणी बदलते. एकूण तोटा दोन हजारांचा, तो काही बदलत नाही. वाणिज्याच्या विद्यार्थ्याने तरी हे कागदावर मांडल्याशिवाय पन्नासाची नोट काढू नये.

पैशांपेक्षाही मला एक दुसरी गोष्ट खटकते. या सामन्यांत रूम काढणारा, पैसे सांभाळणारा आणि तक्रार आली तर निवाडा देणारा, हा एकच माणूस असतो. कधी कधी तोच खेळाडूही असतो. जमाखर्च शिकताना आपल्याला पहिल्याच वर्षी सांगतात, की रोखपाल आणि हिशेब तपासनीस एकच असता कामा नये. तो माणूस चोर आहे असे मानून हा नियम केलेला नाही. त्याच्यावर कोणी संशय घेऊ नये आणि त्याला मोहही होऊ नये, म्हणून केला आहे. ज्या रूममध्ये हा नियम पाळला जात नाही, तिथे जिंकलेल्याचा विजयही स्वच्छ राहत नाही.

कायद्यानेही आता यात लक्ष घातले आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांविषयीचा कायदा संमत केला. त्यात तीन वर्ग केले आहेत: ई-क्रीडा, निव्वळ करमणुकीचे सामाजिक खेळ आणि पैशांचे खेळ. पैसे भरून, अधिक पैसे जिंकण्याच्या आशेने खेळला जाणारा खेळ कौशल्याचा आहे की नशिबाचा, याला या कायद्यात महत्त्व नाही. तो पुरवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंडाची तरतूद आहे. ई-क्रीडेच्या मान्यताप्राप्त स्पर्धेत केवळ प्रवेशासाठी किंवा व्यवस्थेच्या खर्चासाठी फी घेता येते, पण त्यासाठी नोंदणी आणि नियम आले. गावातल्या पारावर पासवर्ड विकणाऱ्याजवळ यातले काहीच नसते. आमच्या गोव्यात तर हा विषय अधिकच विचित्र होतो. पणजीला मांडवीच्या पात्रात कॅसिनोची जहाजे दिव्यांच्या झगमगाटात उभी असतात आणि जत्रेतला जुगारही आम्हाला अपरिचित नाही. अशा वातावरणात वाढलेल्या मुलाला 'पन्नास रुपयांत काय होते?' असे वाटले तर नवल नाही. म्हणूनच, खेळ म्हणजे पैसा लावणे नव्हे, हे त्याला दाखवणारी दुसरी जागा हवी.

काही मित्र म्हणतात, 'बुद्धिबळ म्हाताऱ्यांचे. आम्हाला किल्ले बांधायचे आणि फौजा लढवायच्या खेळांत गोडी आहे.' माझा त्याला विरोध नाही. क्लॅश ऑफ क्लॅन्समध्येसुद्धा दोन गटांनी आपापसात ठरवून मैत्रीची लढाई लावण्याची सोय आहे. दोन्हीकडे समान संख्या, तयारीचा वेळ ठरवलेला, आणि हरलेल्याची लूट नाही. मी ज्या गुणांसाठी भांडतो आहे, ते त्यातही आहेत. मात्र एक सावधगिरी सुचवतो. जून २०२० मध्ये केंद्र सरकारने ५९ ॲपांवर बंदी घातली. त्यांत क्लॅश ऑफ किंग्ज आणि मोबाइल लीजेंड्स हे खेळही होते. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये पबजी गेला. बंदी योग्य की अयोग्य, हा वेगळा विषय. पण ज्यांनी महिनोन्महिने किल्ले बांधले होते, त्यांचे सारे त्या निर्णयाबरोबर गेले. कंपनीच्या पटावर आपण भाडेकरू असतो. बुद्धिबळाचे ॲप उद्या बंद पडले, तर खडूने चौसष्ट घरे आखून तोच डाव पुढे चालू ठेवता येतो. जो खेळ मोबाइलबाहेरही जिवंत राहतो, त्यावर घालवलेला वेळ वाया जाण्याची भीती कमी.

प्राध्यापक मंडळींचा आक्षेप मी जाणतो. ते म्हणतील, 'आज बुद्धिबळ म्हणून मोबाइल हातात दिला, उद्या तो दुसरेच काही खेळेल.' आक्षेप खोटा नाही. परंतु मोबाइल काढून घेतल्याने काय होते? तासाला तो दिसत नाही, तासानंतर दुप्पट वेळ दिसतो. बंदीने मुलगा यंत्राच्या जुळवणीतून सुटत नाही. तो एकटा कोपरा शोधतो, इतकेच. याउलट चारचौघांत, ठरलेल्या वेळी, ठरलेल्या नियमांनी खेळायची जागा मिळाली, तर निदान काही मुले त्या कोपऱ्यातून बाहेर येतील. सगळी येतील असा माझा दावा नाही.

म्हणून जिमखान्यापुढे मी एक लहानशी सूचना ठेवतो. दर महिन्याच्या एका शनिवारी दुपारी महाविद्यालयाचा स्वतःचा सामना मांडावा. खेळणारे आठ असतील तर प्रत्येकाची प्रत्येकाशी गाठ घालावी. असे २८ डाव होतात, पण एका वेळी चार पट चालत असल्याने सात फेऱ्यांत आटोपतात. वर सांगितलेल्या वेळेने सव्वातीन तासांच्या आत सारे संपते. खेळणारे तीस-बत्तीस असतील तर स्विस पद्धत घ्यावी. ती १८९५ साली झुरिकला प्रथम वापरली गेली. तीत समान गुणांचे खेळाडू एकमेकांसमोर येतात, पहिला डाव हरलेला मुलगा घरी जात नाही, आणि बत्तिसांतून पहिला निवडायला सहसा पाच फेऱ्या पुरतात. बाद पद्धतीत निम्मी मुले एका डावानंतर पाहुणी होतात. ज्यांना खेळायला मिळावे म्हणून स्पर्धा भरवायची, त्यांनाच आधी घरी पाठवणे बरे नव्हे.

प्रवेश फी मुळीच नसावी. बक्षीस द्यायचेच तर ग्रंथालयाने एक पुस्तक द्यावे. सामना मांडणारा, निवाडा करणारा आणि निकाल नोंदवणारा असे तिघे वेगळे असावेत, आणि त्या दिवशी तिघांनीही खेळू नये. बरोबरी झाली तर काय, रेंज गेली तर किती वेळ थांबायचे, चाल चुकून पडली तर परत घ्यायची की नाही, हे सारे एका कागदावर लिहून सूचनाफलकावर लावावे.

तो कागद मराठी आणि कन्नड दोन्ही भाषांत असावा. आपल्या अंकाचे जसे दोन विभाग आहेत, तसे आपल्या आवारातही नकळत दोन घोळके पडतात. मराठीतला हत्ती कन्नडात आने, घोडा कुदुरे, उंट ओंटे. इंग्रजांनी त्याच मोहऱ्यांचे किल्ला, सरदार आणि धर्मगुरू केले. पटावर बसलो की आपण दोघे एकमेकांना किती जवळचे आहोत, हे या तीन शब्दांवरूनही समजते. आणि नियमांचा कागद तयार करायला दोन्हीकडची मुले एकत्र बसली, तर सामना सुरू होण्यापूर्वीच निम्मे काम झाले असे मी समजेन.

मित्रहो, मोबाइल आपल्या हातातून आता जाणार नाही. प्रश्न एवढाच, की त्यावरचा डाव आपण मांडायचा की आपल्याला कोणी त्यात मांडून घ्यायचे. जिमखान्याच्या कार्यवाहांनी येत्या सत्राच्या पहिल्या महिन्यात एक शनिवार द्यावा. पहिल्या खेपेला पट मांडायला, नावे लिहायला आणि निकाल फलकावर लावायला मी तयार आहे. त्या दिवशी मी अर्थातच खेळणार नाही.